‘मग मी शिकायचे कशासाठी?’

वाचकाचे पत्र

मी अठरा वर्षे अनुवादाचे काम करते. गेल्या दोन वर्षांत माझ्याकडे येणाऱ्या कामाचे स्वरूपच बदलले आहे. पूर्वी मूळ मजकूर यायचा. आता यंत्राने केलेला अनुवाद ‘फक्त तपासून द्या’ म्हणून येतो आणि मोबदला निम्म्याहून कमी मिळतो. हे मी कसेबसे पचवले. पण परवा माझ्या सोळा वर्षांच्या मुलीने पुस्तक मिटले आणि विचारले, ‘आई, दहा वर्षांनी हे सगळे एआयच करणार असेल, तर मग मी शिकायचे कशासाठी?’ मला उत्तर देता आले नाही. तेव्हापासून रात्री झोप लागत नाही. मग मी या विषयावरची भाषणे ऐकत बसते. एक तज्ज्ञ सांगतो की माणूस रोगमुक्त होईल, दुसरा सांगतो की मानवजातच उरणार नाही. मी कोणावर विश्वास ठेवू? आणि मुलीला काय सांगू?
– एक आई

उत्तर

प्रिय ताई,

तुमचे पत्र मी दोनतीनदा वाचले. त्यात जगाच्या भवितव्याचा प्रश्न आधी येईल असे वाटले होते, पण तो शेवटी आला आहे आणि मुलीचा प्रश्न मधोमध आहे. मला वाटते, पत्राचे खरे केंद्र तेच आहे. तरीही आधी तज्ज्ञांबद्दल लिहितो, कारण तुमची झोप त्यांच्यामुळे उडाली आहे आणि झोप उडालेल्या माणसाला मुलीशी शांतपणे बोलणे कठीण जाते.

या क्षेत्रातली भाकिते दोन्ही बाजूंनी चुकत आली आहेत. २०१६ मध्ये जेफ्री हिंटन यांनी सांगितले होते की क्ष-किरणतज्ज्ञ घडवणे आता थांबवावे, कारण पाच वर्षांत यंत्र त्यांच्यापेक्षा चांगले काम करू लागेल. पाच वर्षे केव्हाच उलटली आणि क्ष-किरणतज्ज्ञांची गरज आजही आहे. हे भाकीत करणारा माणूस अडाणी नव्हता. आज ज्या तंत्राचा बोलबाला आहे त्याचा पाया घालणाऱ्यांपैकी ते एक आहेत आणि त्याच कामासाठी त्यांना २०२४ मध्ये भौतिकशास्त्राचे नोबेल पारितोषिक विभागून मिळाले. याउलट ‘गो’ या खेळात यंत्राला अव्वल खेळाडूला हरवायला आणखी निदान दहा वर्षे लागतील असे अनेक जाणकार सांगत होते, आणि मार्च २०१६ मध्ये अल्फागो या प्रणालीने ली सेडॉल यांना ४–१ असे हरवले. म्हणून माझी सूचना अशी की, तज्ज्ञ जेव्हा यंत्र कसे चालते, कुठे अडते, कशात फसते हे सांगतात तेव्हा कान देऊन ऐकावे. ते जेव्हा अमुक वर्षी अमुक होईल असे सांगतात तेव्हा तो एका हुशार माणसाचा अंदाज आहे एवढेच समजावे.

आशा दाखवणारे लोक खोटे बोलत नाहीत. प्रथिनाची साखळी कोणत्या आकारात दुमडते हे तिच्या घटकांवरून ओळखणे हे जीवशास्त्रापुढचे सुमारे पन्नास वर्षांचे कोडे होते. एकेका प्रथिनाचा आकार प्रयोगशाळेत शोधताना महिने, कधी वर्षे जात. २०२० मध्ये अल्फाफोल्ड या एआय प्रणालीने हे काम अनेक प्रथिनांच्या बाबतीत प्रयोगाच्या तोडीच्या अचूकतेने करून दाखवले, २०२२ पर्यंत वीस कोटींहून अधिक प्रथिनांचे अंदाजित आकार संशोधकांसाठी खुले झाले, आणि २०२४ च्या रसायनशास्त्राच्या नोबेल पारितोषिकात डेमिस हसाबिस आणि जॉन जंपर यांचा वाटा त्यासाठी होता. मात्र प्रथिनाचा आकार कळणे आणि औषध रुग्णाच्या हातात पडणे यांच्यामध्ये चाचण्यांचा लांबलचक रस्ता आहे, आणि माणसाच्या शरीरात औषध काय करते हे पाहायला जो वेळ लागतो तो कोणत्याही संगणकाला मनाप्रमाणे आखडता येत नाही. ‘रोगमुक्त’ हा शब्द हा सगळा रस्ता एका उडीत ओलांडतो, म्हणून मला तो पटत नाही.

भीती दाखवणाऱ्यांनाही हसून सोडून देऊ नये. मे २०२३ मध्ये एक अगदी छोटे, एका वाक्याचे निवेदन प्रसिद्ध झाले. कृत्रिम बुद्धिमत्तेमुळे मानवजात नष्ट होण्याचा धोका कमी करणे हे महासाथी आणि अणुयुद्ध यांच्याइतकेच जागतिक अग्रक्रमाचे काम मानावे, असा त्याचा आशय होता. त्यावर हिंटन आणि योशुआ बेंजिओ यांच्यासारख्या शास्त्रज्ञांच्या सह्या होत्या, आणि ही यंत्रे घडवणाऱ्या मोठ्या कंपन्यांच्या प्रमुखांच्याही होत्या. पण ही भीती नेमकी कशाची आहे हे समजून घेतले की ती काळोखातल्या सावलीसारखी राहत नाही. यंत्राला आपला राग येईल आणि ते उलटेल, असे या लोकांपैकी बहुतेकांना म्हणायचे नाही. त्यांची काळजी वेगळी आहे, आणि ती एका खेळातून चांगली दिसते.

२०१६ मध्ये ओपनएआयच्या संशोधकांनी बोटींच्या शर्यतीचा एक संगणकीय खेळ आपल्या प्रणालीला शिकवला. शर्यत जिंकावी हा हेतू होता, पण गुण मिळत ते वाटेतल्या लक्ष्यांना धडकल्यावर. प्रणालीने एक आडोशाचे, तळ्यासारखे वळण शोधून काढले, जिथे तीन लक्ष्ये पुन्हा पुन्हा उगवत. मग तिची बोट तिथेच गोल गोल फिरत राहिली. ती दुसऱ्या बोटींवर आदळत होती, पेट घेत होती, उलट दिशेने जात होती आणि शर्यत एकदाही पुरी करत नव्हती. तरीही तिचे गुण माणसांच्या सरासरीपेक्षा वीस टक्के अधिक होते. तिने आज्ञा मोडली नव्हती. जे मोजले जात होते तेच तिने वाढवले होते, आणि आपल्याला हवे होते ते मोजण्यात आले नव्हते. गणितज्ञ नॉर्बर्ट वीनर यांनी १९६० मध्येच बजावले होते की ज्या यंत्राला आपण मध्येच थांबवू शकत नाही, त्याच्यात घातलेला हेतू हाच आपला खरा हेतू आहे याची आधी पक्की खात्री करून घ्यावी.

खेळातली बोट जळाल्याने कोणाचे काही बिघडत नाही. वीजपुरवठा, कर्जमंजुरी, शस्त्रांचे नियंत्रण अशा ठिकाणी याच प्रकारची चूक शिरली तर काय होईल, हा प्रश्न रास्त आहे. त्यात भर अशी की आजच्या भाषिक प्रणाली कोणी ओळ न् ओळ लिहिलेल्या नाहीत. प्रचंड मजकुरातून पुढचा शब्द ओळखण्याचा सराव करता करता त्यांच्या आतले अब्जावधी आकडे जुळत गेले आहेत, आणि त्या आकड्यांत नेमके काय साठले आहे हे त्यांच्या निर्मात्यांनाही पुरते वाचता येत नाही. हे वाचता यावे म्हणून काम चालू आहे, त्याला थोडेफार यश येत आहे, पण प्रणालींची ताकद त्याहून वेगाने वाढते आहे. माझ्या मते ज्याने गंभीर व्हावे अशी गोष्ट असेल तर ती हीच तफावत आहे.

पण ताई, या दोन टोकांच्या मध्ये माणसांचे निर्णय आहेत, आणि रात्रीच्या भाषणांत नेमके त्यांनाच फारसे स्थान नसते. १९७४ मध्ये जनुके जोडण्याचे तंत्र नवे होते तेव्हा त्याच क्षेत्रातल्या शास्त्रज्ञांनी काही प्रयोग स्वतःहून थांबवले, १९७५ मध्ये कॅलिफोर्नियातल्या असिलोमार येथे एकत्र बसून नियम ठरवले आणि मगच ते पुढे गेले. ओझोनच्या थराला धोका आहे हे कळल्यावर १९८७ मध्ये माँट्रियल करार झाला आणि तो परिणामकारक ठरला. कृत्रिम बुद्धिमत्तेबाबतही सुरुवात झाली आहे. नोव्हेंबर २०२३ मध्ये इंग्लंडमधल्या ब्लेचली येथे २८ देशांनी आणि युरोपीय संघाने हा धोका मान्य करणाऱ्या जाहीरनाम्याला संमती दिली, आणि युरोपीय संघाचा स्वतंत्र कायदा १ ऑगस्ट २०२४ रोजी अंमलात आला आणि त्यातल्या तरतुदी त्यानंतर टप्प्याटप्प्याने लागू होऊ लागल्या. ही उदाहरणे तुम्हाला खोटा धीर देण्यासाठी सांगत नाही. इथली वाट त्या दोन्हींपेक्षा अवघड आहे, कारण देशादेशांत आणि कंपन्याकंपन्यांत शर्यत लागली आहे आणि जो थांबेल तो मागे पडेल अशी प्रत्येकाला धास्ती आहे. तरीही जिथे निर्णय व्हायचे बाकी आहेत तिथे भवितव्य ठरून गेले आहे असे म्हणणे चूक आहे, मग ते म्हणणारा कितीही मोठा तज्ज्ञ असो.

मला स्वतःला एका भयंकर दिवसापेक्षा हळूहळू होणाऱ्या सुपूर्तीची काळजी अधिक वाटते. आज एक छोटा निर्णय यंत्रावर सोपवायचा, उद्या दुसरा. प्रत्येक वेळी कारण सयुक्तिक असते, प्रत्येक वेळी वेळ वाचतो, आणि एके दिवशी लक्षात येते की यंत्राचे उत्तर चुकले हे ओळखू शकणारा माणूसच जागेवर नाही. इथून तुमच्या मुलीचा प्रश्न सुरू होतो.

तिला स्तानिस्लाव पेत्रोव या सोव्हिएत लष्करी अधिकाऱ्याची गोष्ट सांगा. २६ सप्टेंबर १९८३, मध्यरात्र नुकतीच उलटली होती. मॉस्कोजवळच्या एका भूमिगत केंद्रात ते पाळीवर होते. उपग्रहांवर आधारलेल्या नव्या इशारायंत्रणेने भोंगा वाजवला आणि पडद्यावर संदेश उमटला की अमेरिकेतून एक क्षेपणास्त्र सुटले आहे. थोड्याच वेळात आकडा पाचावर गेला. यंत्रणेच्या लेखी खात्री सर्वोच्च पातळीची होती. तो काळही तणावाचा होता. तीनच आठवड्यांपूर्वी सोव्हिएत लढाऊ विमानाने एक कोरियन प्रवासी विमान पाडले होते. वरिष्ठांना ‘हल्ला झाला आहे’ असे कळवणे हे पेत्रोव यांचे ठरलेले काम होते, आणि पुढचे निर्णय घ्यायला वरिष्ठांकडे मोजकी मिनिटे उरली असती. त्यांनी ‘इशारा खोटा आहे’ असे कळवले. खरेच हल्ला करायचा असता तर कोणी पाचच क्षेपणास्त्रे सोडली नसती, जमिनीवरच्या रडारवर काहीच दिसत नव्हते, आणि ही यंत्रणा नवी असून तिच्यात दोष असू शकतात हे त्यांना ठाऊक होते. नंतर कळले की उंचावरच्या ढगांवरून परावर्तित झालेल्या सूर्यप्रकाशाला उपग्रह फसले होते.

मी ही गोष्ट सांगतो तेव्हा लोक पेत्रोव यांच्या धैर्याबद्दल बोलतात. मला त्यांच्या ज्ञानाबद्दल बोलावेसे वाटते. नुसत्या धैर्याच्या बळावर कोणी यंत्राला ‘तू चुकलास’ म्हणू लागला तर तो दहापैकी नऊ वेळा स्वतःच चुकेल. त्या खोलीत शंका घेता आली, कारण शंका घेणाऱ्याला युद्ध कसे लढले जाते आणि उपग्रह कसे पाहतो हे दोन्ही माहीत होते.

आता याची दुसरी बाजू. २०२५ मध्ये पोलंडमधला एक अभ्यास प्रसिद्ध झाला. तिथल्या कोलोनोस्कोपी (मोठ्या आतड्याची दुर्बिणीतून तपासणी) करणाऱ्या अनुभवी डॉक्टरांच्या हाती काही महिने कृत्रिम बुद्धिमत्तेची मदत आली होती. त्यानंतर त्यांनी ज्या तपासण्या त्या मदतीविना केल्या, त्यांत पुढे कर्करोगात रूपांतरित होऊ शकणाऱ्या गाठी सापडण्याचे प्रमाण पूर्वीच्या सुमारे २८ टक्क्यांवरून सुमारे २२ टक्क्यांवर आले होते. हा एकच अभ्यास आहे आणि त्यावरून सरसकट निष्कर्ष काढू नये. स्वीडनमध्ये ८० हजार स्त्रियांच्या चाचणीत निम्म्या जणींच्या स्तनांच्या क्ष-किरण तपासणीत अशीच मदत घेतली गेली, तेव्हा प्रतिमा वाचण्याचा भार ४४ टक्क्यांनी हलका झाला आणि कर्करोग ओळखण्यात काही कमी पडले नाही, हेही तितकेच खरे आहे. पण ज्यांची नजर वर्षानुवर्षांच्या सरावाने तयार झाली आहे त्यांचीही ती मंदावू शकत असेल, तर जिची नजर अजून तयारच व्हायची आहे त्या सोळा वर्षांच्या मुलीने सुरुवातीपासून यंत्राच्याच डोळ्यांनी पाहिले तर काय होईल, याचा विचार आपण करायला हवा.

म्हणून तिला माझ्या वतीने असे सांगा. शाळेत निबंध लिहायला सांगतात तेव्हा जगाला आणखी एका निबंधाची गरज नसते. निबंध लिहिताना तिच्या डोक्यात जी जुळवाजुळव होते तिची गरज असते. गणित सोडवताना ती अर्धा तास अडते, तो अर्धा तास वाया गेलेला नसतो; उत्तर चुकले आहे असे मनात खटकण्याची सवय तिला त्याच वेळात लागत असते. यंत्राकडे उत्तर आहे म्हणून शिकायचे नाही, असे ती म्हणते. पण यंत्राकडचे उत्तर घ्यायचे की टाकायचे हे तिलाच ठरवायचे आहे, आणि ते ठरवता येण्याला शिकण्यावाचून दुसरा मार्ग नाही.

याचा अनुभव मी घेतला आहे. ज्या विषयावर मी वीस वर्षे वाचत आलो आहे, त्यावरची चांगली पुस्तके सुचव, असे मी एका प्रणालीला सांगितले. तिने पाच नावे दिली. चार खरी होती. पाचवे पुस्तक एका खऱ्या लेखकाच्या नावावर होते, शीर्षक त्याच्याच शैलीतले होते, प्रकाशनाचे वर्ष अगदी शोभेल असे होते, आणि ते पुस्तक अस्तित्वातच नव्हते. मला ते क्षणात कळले, कारण त्या लेखकाचे सगळे लेखन माझ्या कपाटात आहे. मी त्या विषयात नवखा असतो तर ते नाव आदराने वहीत उतरवून घेतले असते.

तुम्ही तिला ‘सगळे ठीक होईल’ असे सांगू नका, कारण तिला ते खरे वाटणार नाही आणि यापुढचा प्रश्न ती तुमच्याकडे आणणार नाही. ‘मलाही नक्की माहीत नाही’ हे वाक्य आईच्या तोंडून ऐकल्याने सोळा वर्षांची मुलगी खचत नाही. आई घाबरून गप्प बसली तर मात्र ती खचते.

तुमच्या कामाबद्दल मला जपून लिहावे लागेल. त्यातला काही भाग परत येणार नाही. नवे तंत्र जुनी कामे घेते आणि नवी देते असे म्हणतात, आणि ते दीर्घकाळात बऱ्याच अंशी खरे ठरले आहे. पण यंत्रमाग आले तेव्हा हातमागावर बसलेल्या पिढीला त्या दीर्घकाळाचा उपयोग झाला नाही. लाभ नातवंडांना मिळाला आणि झळ आजोबांनी सोसली. म्हणून ‘नवी कामे येतीलच’ असे सांगून कोणी तुमची बोळवण करू लागले तर ते मान्य करू नका. झालेला लाभ कोणाच्या पदरात पडावा हे तंत्रज्ञान ठरवत नाही, ते माणसे आपसांत भांडून, बोलून ठरवतात. २०२३ मध्ये अमेरिकेतल्या चित्रपट आणि मालिकांच्या लेखकांनी १४८ दिवस संप केला आणि करारात लिहून घेतले की यंत्राने तयार केलेला मजकूर लेखकाला दिला तर तसे त्याला सांगावे लागेल आणि यंत्राला लेखक म्हणून श्रेय मिळणार नाही. तुमच्या व्यवसायातही एकेकट्याने पडत्या दरावर होकार देण्यापेक्षा अनुवादकांनी मिळून किमान अटी ठरवणे शक्य आहे.

तोवर एक गोष्ट तुम्ही एकट्यानेही करू शकता. ‘फक्त तपासून द्या’ या शब्दांना आहे तसे स्वीकारू नका. यंत्राचा अनुवाद बहुधा गुळगुळीत असतो आणि त्यातली चूक त्या गुळगुळीतपणाखाली दडते. ती शोधायला मूळ आणि अनुवाद दोन्ही शब्दाशब्दाने वाचावे लागतात, आणि हे काम नव्याने अनुवाद करण्याइतकेच, कधी त्याहून अधिक शिणवते. तेव्हा काम घेण्याआधी लेखी विचारा की चूक राहिली तर जबाबदारी कोणाची. जबाबदारी तुमची असेल तर मोबदला तपासणीचा असू शकत नाही. औषधाची मात्रा, करारातले एखादे कलम, न्यायालयातली साक्ष अशा मजकुरात देणाऱ्यालाही हा प्रश्न टाळता येत नाही, म्हणून शक्य तितके त्या बाजूला वळा.

रात्रीची भाषणे आजपासून बंद करा. या विषयाची माहिती ठेवायलाच हवी, पण त्यासाठी आठवड्यातली एक सकाळ ठरवा आणि ऐकण्याऐवजी वाचा, कारण वाचताना थांबून विचार करता येतो आणि कोणाच्या आवाजातली घबराट आपल्या अंगात शिरत नाही.

शेवटी एक करून पाहा. तुम्ही पूर्वी केलेल्या अनुवादातले, तुम्हाला स्वतःला आवडते असे एक पान काढा. त्याच्या मूळ मजकुराचा यंत्राकडून अनुवाद करून घ्या आणि मुलीला शेजारी बसवून तिन्ही कागद समोर ठेवा. आधी काही सांगू नका. यंत्राचे कुठे बरोबर आहे आणि तुमच्यापेक्षाही चांगले कुठे आहे ते तिला शोधू द्या, आणि तसे असेल तर मोकळेपणाने मान्य करा. मग जिथे वाक्य छान वाहते पण अर्थ निसटला आहे अशी जागा तिला सापडते का ते पाहा. सापडली तर ती तिला कशी खटकली हे तिच्याच शब्दांत सांगायला लावा. पहिल्या दिवशी सापडणार नाही कदाचित; मग पुढच्या आठवड्यात दुसरे पान घ्या. काय सापडले ते मला कळवा, आणि तुमच्या नजरेतून सुटलेली एखादी जागा तिने दाखवली असेल तर ती आवर्जून लिहा.